डाव्या कानाशी जांभूळ

मुळशी धरणाच्या पाण्यात एक जांभूळ उभं होतं. झाड म्हणजे नुसतं खोडच. पानं आणि फांद्या केव्हाच गळून गेल्या होत्या. जांभळाचं लाकूड पाण्यात कुजत नाही म्हणून ते मुद्दाम विहिरीच्या तळाशी घालतात. हे मात्र कुणी न घालताच पाण्यात राहिलं होतं. धरण भरलं तेव्हा गाव गेलं, देऊळ गेलं, खळी आणि बांध गेले, आणि हे खोड दोन पुरुष उंच बाहेर राहिलं. त्याच्या टोकाला बहुतेक वेळा एक पाणकावळा पंख पसरून वाळत बसलेला असे.

पन्नासचं दशक संपत आलं होतं आणि मी पलीकडच्या काठावरच्या शाळेत मास्तर होतो. राहायला अलीकडे, शिकवायला पलीकडे. मधे पाणी. पाण्याची मालकी वीज कंपनीची. ते पाणी बोगद्यातून खाली कोकणात उतरे, तिथं त्याची वीज होई आणि ती तारांवरून मुंबईला जाई. आमच्या दोन्ही काठांवर रॉकेलच्या चिमण्या होत्या. विजेचा धडा शिकवताना तिच्यासाठी बुडवलेल्या गावांवरचं सगळं पाणी वर्गाच्या खिडकीतून दिसायचं. वीज तेवढी पुस्तकात पाहावी लागे.

होडी आबांची होती. आबा तेव्हा पंचावन्नच्या आसपास असतील. बुडालेल्या गावातलेच. मागच्या टोकाला उभं राहून ते लांब वल्ह्यानं होडीला दिशा देत. त्यांची बायको, जिला सगळे मावशी म्हणत, डब्यानं होडीतलं पाणी उपसायची. पुढची दोन वल्ही ज्याला पोचायची जास्त घाई असेल त्यानं मारायची, असा रिवाज होता. मास्तरांना घाई नसते असा सर्वांचा समज असल्यामुळे मी पेपर वाचत असे. पेपर दोन दिवसांचा शिळा असायचा, पण जग तरी कुठं धावत होतं.

फाल्गुनात पाणी उतरायला लागलं की होडी चालवणं अवघड होई. पाण्याखाली जुन्या घरांच्या भिंती होत्या, देवळाचा चौथरा होता. त्यांच्यामधून एकच वाट सुरक्षित होती, आणि ती म्हणजे आबांच्या गावची जुनी गाडीवाट. ज्या वाटेनं त्यांचे वडील बैलगाडी हाकत, तिच्याच वरून, पाच-सहा हात उंचावरून, आबा होडी नेत. वाट दिसत नसे. ती धरायची रीत वडिलांनी घालून दिली होती: नजर समोरच्या खिंडीत ठेवायची आणि जांभूळ डाव्या कानाशी ठेवायचं. जांभळाकडे बघायचं नाही. ते डोळ्याच्या कोपऱ्यात आपसूक आलं पाहिजे.

"बघितलं तर काय होतं?" मी एकदा विचारलं होतं.

"मान वळली की हात वळतो, गुरुजी. हात वळला की होडी वळती. मग खाली आमच्या चुलत्याचा गोठा हाय. त्यो बसतो होडीच्या बुडाला."

येताना तेच उलटं. नजर आमच्या काठावरच्या उंबरावर आणि जांभूळ उजव्या कानाशी. तीस वर्षं आबांनी त्या झाडाकडे सरळ पाहिलं नव्हतं. मला ही गोष्ट तेव्हा गमतीची वाटली होती.

मग एका फाल्गुनात, एके दिवशी सकाळी होडीत आम्ही पाच-सहा जण होतो. अर्ध्या पाण्यात आबा मागून म्हणाले, "जांभूळ न्हाई."

मी अग्रलेखात होतो. "असं का," म्हणालो आणि पान उलटलं. वल्ही मारणारे दोघे पाठमोरे वाकलेले, मावशी तळाशी पाणी उपसत होती. वल्ही मारणाऱ्यांपैकी एकानं विचारलं, "तोडलं का काय?" आणि न बघताच पुढं वल्हं मारलं. आबांनी सांगितलं म्हणजे झालं. पाण्याच्या बाबतीत त्यांच्या शब्दावर शंका घेण्याची पद्धत नव्हती. त्या दिवशी होडी कशालाशी जराशी घासली. आबांनी डोळे चोळले, पाण्याचा हबका मारला आणि आम्हाला काठाला लावलं.

संध्याकाळी परतताना जांभूळ उजवीकडे होतं. पाणकावळ्यासकट. त्या दिवशी मात्र आबांनी रीत मोडून त्याच्याकडे मान वळवून पाहिलं. होडी वळली. त्यांनी ती सरळ केली आणि म्हणाले, "सकाळी नव्हतं. आता हाय."

दुसऱ्या कुठल्याही मुलखात लोकांनी त्या माणसाला चष्मेवाल्याकडे नेलं असतं, निदान मांत्रिकाकडे तरी. आमच्याकडे हे दोन्ही उपाय कुणाच्या मनात आले नाहीत. सरपंचांच्या ओट्यावर चहाचा पहिला घोट संपायच्या आत निदान झालं: कंपनीनं सकाळी पाणी चढवलं आणि दुपारी सोडलं.

"पण काठावर पाणी चढलेलं कुणी पाहिलं?" मी विचारलं.

"काठावर दिसंल असं कोन चढवंल? कंपनी हाय ती," सरपंच म्हणाले.

ज्या लोकांचं अख्खं गाव एका पावसाळ्यात दिसेनासं झालं होतं, त्यांना एक झाड दिसेनासं झाल्याचं नवल वाटण्याचं कारण नव्हतं. वस्तू नाहीशा होत त्या कंपनीमुळे, डोळ्यांमुळे नव्हे. आबा कोपऱ्यात बसून डोकं दाबत होते. मावशी म्हणाली, "सकाळधरनं डोस्कं धरलंय त्येंनी. डोळ्याम्होरं धुकं येतंय म्हनत्यात."

"उन्हाचं," सरपंच म्हणाले. "गुरुजी, अर्ज लिवा."

सरकारी कचेरीला अर्ज मी लिहिला. दोन पानं. 'पाण्याची पातळी मनमानी रीतीने वरखाली करून दळणवळणास धोका निर्माण करण्यात येत आहे' असं एक वाक्य त्यात होतं आणि ते मला फार आवडलं होतं. अधिकाऱ्यांच्या भाषेची मी आयुष्यभर टिंगल केली. त्या दोन पानांत मी त्यांना मागे टाकलं. मावशीचं वाक्य अर्जात नव्हतं. त्याची जागा तिथं नव्हती.

पुढच्या सकाळपासून जांभूळ पुन्हा जागच्या जागी होतं. आबा रोज सांगत, "हाय आज." गावाचं मत पडलं की कंपनीला अर्जाचा सुगावा लागला आणि ती घाबरली. माझ्या गद्याचा हा परिणाम आहे असं एक-दोघं माझ्या तोंडावर म्हणाले, आणि मी ते पुरेशा जोरानं नाकारलं नाही.

तीन आठवड्यांनी पाहणीसाठी साहेब आले. सरकारी कागद इतक्या लवकर हलल्याचं सर्वांना आश्चर्य वाटलं. साहेबांना धरणाचा देखावा बघायचा होता हे नंतर कळलं. ते जीपनं आले. हार झाला, नारळ झाला. सरपंचांनी पंचायतीची हाताची खुर्ची होडीत चढवली.

"साहेब फळीवर बसनार न्हाईत," ते म्हणाले.

"खुर्ची नगं. होडी हाय, कचेरी न्हाई," आबा म्हणाले.

"आबा, एक दिवस."

खुर्ची चढली. ती मध्यभागी ठेवली तर वल्ही मारता येईनात, म्हणून आबांच्या पुढ्यात, जरा डाव्या अंगाला ठेवली. तिच्यावर साहेब हारासकट बसले. पाण्यावर खुर्चीत बसून चाललेला माणूस मी तोवर फक्त देवांच्या तसबिरीत पाहिला होता. या वेळी मी पेपर आणला नव्हता. मला सगळं बघायचं होतं.

निघताना आबा म्हणाले होते की डोकं ठणकतंय. मावशीनं कपाळाला सुंठ लावली होती. दोन वल्ह्यांवर सरपंच आणि त्यांचा भाऊ. सकाळ स्वच्छ होती, वारा नव्हता, खिंड अगदी जवळ आल्यासारखी दिसत होती.

अर्ध्या पाण्यात आबा म्हणाले, "घ्या. बघा साहेब. न्हाई जांभूळ."

आम्ही सगळ्यांनी डावीकडे पाहिलं. जांभूळ तिथं होतं. पन्नास-साठ हातांवर, काळं, उभं. पाणकावळा पंख पसरून बसला होता. त्यानं मान फिरवून आमच्याकडे पाहिलं.

सरपंच वल्हं उचलून तसेच थांबले. मग हळूच म्हणाले, "आबा, हाय की."

"कुटं हाय?"

"ते काय, पानकावळा बसलाय."

"मला पानी शिकवतुया व्हय?" आबा शांतपणे म्हणाले. त्यांची नजर खिंडीत होती. "पानी हाय तितं. सपाट पानी हाय. मला दिसतंय ना."

मग ते म्हणाले, "साहेब बोलत का न्हाईत? साहेब मागं ऱ्हायले का काय?"

साहेब त्यांच्यापासून दोन हातांवर बसले होते. खुर्चीत, हार घालून.

"मी इथेच आहे," साहेब म्हणाले. आवाज ऐकून आबांनी उजवीकडे पाहिलं. मग आणखी उजवीकडे.

त्या क्षणाचं वर्णन मला आजही नीट जमत नाही. तोवर मी आंधळेपण म्हणजे अंधार समजत होतो. आबांच्या डोळ्यांपुढं अंधार नव्हता, धुकंही नव्हतं. लख्ख सकाळ होती. फक्त जगाची डावी बाजू तिच्यात नव्हती, आणि ती नाही हेही त्यांना दिसत नव्हतं. जिथं झाड होतं तिथं त्यांच्या डोक्यानं पाणी भरलं होतं. तीस वर्षांपूर्वी त्यांच्या शेतावर भरलं तसंच, न विचारता, काठोकाठ.

होडी डावीकडे झुकत चालली. डाव्या कानाशी काही नसल्यामुळे आबा ते शोधत होते. खालून खरखर आवाज आला, होडी कलली, खुर्ची घसरली आणि साहेब माझ्या मांडीवर आले. आबांचा डावा हात वल्ह्यावरून सुटून खाली लोंबला. त्यांनी तो उचलला नाही. त्यांना तो सुटल्याचं कळलंच नव्हतं.

"अवं, हात," मावशी म्हणाली.

"काय झालंय हाताला? बराय की हात." शब्द जिभेवर जड झाले होते.

बाईनं होडीच्या मागच्या टोकाला उभं राहायचं नाही असा तिथला नेम होता. मावशी डबा टाकून उठली, त्यांना खांद्याला धरून खाली बसवलं आणि वल्हं हातात घेतलं. "सरपंच, उजवं मारा. जोरात मारा," ती म्हणाली, आणि सरपंचांनी मारलं. चुलत्याच्या गोठ्यावरून तिनं आम्हाला सोडवलं आणि माघारी वळवलं.

"वारं गेलं अंगावरनं," सरपंचांचा भाऊ पुटपुटला. अर्धांगाला आमच्याकडे असं म्हणतात. गावात यावर कडू तेल चोळतात आणि माणसाला अंधाऱ्या खोलीत ठेवतात. काठाला लागल्यावर त्याचीच तयारी सुरू झाली असती. पण साहेब हार काढून होडीतच ठेवत म्हणाले, "जीपमध्ये घाला त्यांना. पुण्याला नेऊ." आबांना पुढच्या जागेवर बसवलं. साहेब स्वतः मागे, मावशी, मी आणि एका सुट्या टायरबरोबर दाटीवाटीनं बसले. पौड गेलं, पिरंगुटचा घाट आला. प्रत्येक खड्ड्याला ते ड्रायव्हरला म्हणत, "सावकाश. पण थांबू नकोस." त्या माणसाबद्दल मी पुढं कुठंही वाकडं बोललो नाही. खुर्चीबद्दल बोलतो, ती वेगळी गोष्ट आहे.

सरकारी इस्पितळातला डॉक्टर तरुण होता. त्यानं रक्तदाब पाहिला आणि ओठ आवळले. मग आबांसमोर बसून दोन्ही हात बाजूंना पसरले.

"माझ्या नाकाकडे बघा. कुठलं बोट हलतंय?"

"ह्ये." उजवीकडचं.

"आता?"

"आता कुटलंच न्हाई."

डावीकडचं बोट हलत होतं. डॉक्टरनं आबांचा एक डोळा झाकून तेच केलं, मग दुसरा झाकून. उत्तर तेच आलं. कुठलाही डोळा झाका, डावी बाजू नाहीच.

"डोळे चांगले आहेत यांचे," डॉक्टर मला म्हणाला. "दोन्ही डोळे. बिघाड इथं आहे." त्यानं आबांच्या डोक्याच्या मागच्या बाजूला, उजव्या अंगाला, हात ठेवला. "डोळे पुढं असतात, पण बघणं मागं होतं. मेंदूच्या या भागाचं रक्त अडलंय."

मी बरंच वाचलेला माणूस. हे मला ठाऊक नव्हतं. मी स्वतःच्या डोक्याच्या मागे हात लावून पाहिला. आबा पडल्यापडल्या ऐकत होते. जड जिभेनं म्हणाले, "म्हंजी सुकानू मागंच असतंय. होडीचं तसं मान्साचं."

डॉक्टर थांबला. "हो," तो म्हणाला. "तसंच."

त्यानं विचारलं, याआधी असं काही झालं होतं का. अचानक धूसर दिसणं, एका बाजूचं न दिसणं, थोडा वेळ का होईना. मी तीन आठवड्यांपूर्वीची सकाळ सांगितली. डोळ्यांपुढचं धुकं आणि ठणकणारं डोकं सांगितलं. अर्जाचंही सांगितलं.

"ती सूचना होती," डॉक्टर म्हणाला. "आपोआप बरं वाटलं म्हणून लोक सोडून देतात. त्या दिवशी आणायला हवं होतं. आणलं असतं तर टळलं असतं असं छातीठोक सांगत नाही. आमच्याकडेही फार औषधं नाहीत. पण रक्तदाब तरी कळला असता."

माझ्याकडे त्या दिवसाची दोन पानं होती, सुवाच्य अक्षरात.

आबा इस्पितळात महिनाभर राहिले. जीभ सुटली, पायात बळ आलं, हात अर्धामुर्धा आला. नजर आली नाही. मी रविवारी जात असे. एका रविवारी ते चिडलेले होते.

"गुरुजी, हितं भात देत न्हाईत. नुसतं कालवन आन चपाती. भात मधल्या मधी खात्यात ही मान्सं. अर्ज लिवा."

मी ताटाकडे पाहिलं. डाव्या बाजूला भाताचा ढीग होता, न शिवलेला. मी ते सांगायला तोंड उघडलं, पण मावशीनं मला डोळ्यानं गप्प केलं. तिनं ताट धरलं आणि अर्धं फिरवलं.

आबा बघत राहिले. भात आला होता.

"कुटनं आला?"

"हितंच व्हता," ती म्हणाली. "तुमी जेवा."

ते जेवले. मग बराच वेळ ताटाच्या कडेवरून बोट फिरवत बसले. पूर्ण गोल. मग विचारलं, "जांभूळबी व्हतं का मग? त्या दिशी?"

"व्हतं," मावशी म्हणाली.

"आन साहेब?"

"त्ये बी व्हते."

"खुर्चीत?"

"खुर्चीत."

आबा हसायला लागले. मग थांबले आणि उशीवर डोकं टेकलं. "मग माज्या डाव्या अंगाला रोज कायबाय असंल," ते म्हणाले. त्यात तक्रार नव्हती. देवळात उभा राहिलेला माणूस बोलतो तसा तो आवाज होता.

घरी आल्यावर त्यांना एकच पाहिजे होतं, होडी. डॉक्टरनं मनाई केली होती, सरपंचांनीही केली. पावसाळ्यात पाणी चढलं तेव्हा वाटेचा प्रश्न नव्हता. मावशी होडी चालवायला लागली. बाईनं मागच्या टोकाला उभं राहायचं नाही हा नेम कुणी मोडला नाही, फक्त त्याची आठवण काढायचं सगळ्यांनी सोडून दिलं. आबा काठावर बसून राहत. कुणी डावीकडून जाऊन रामराम घातला तर उजवीकडे बघून उत्तर देत. दिवसेंदिवस बोलणं कमी होत गेलं. मावशी मला म्हणाली होती, "ह्यो मानूस काठावर बसून मरंल, गुरुजी. आजारानं न्हाई मरायचा."

त्याच सुमारास अर्जाचं उत्तर आलं. 'अर्जात नमूद केलेले झाड प्रत्यक्ष पाहणीत जागेवर आढळून आले. सबब प्रकरण दफ्तरी दाखल करण्यात येत आहे.' इतकं अचूक सरकारी पत्र मी दुसरं पाहिलं नाही.

फाल्गुन पुन्हा आला, पाणी उतरलं. गाडीवाट धरायची वेळ आली. मावशीनं जन्मभर त्या होडीत पाणी उपसलं होतं. तिला वाट माहीत होती ती तळाकडून. खिंड आणि जांभूळ एकदम धरणं तिला जमेना. जांभळाकडे बघितलं की मान वळे, मान वळली की हात. दोनदा होडी गोठ्यावर घासली. लोक म्हणाले, पाणी चढेपर्यंत तरी बंद ठेवू.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी आलो तर आबा होडीत बसले होते. पुढच्या टोकाला, पण उलटे. काठाकडे तोंड आणि खिंडीकडे पाठ.

"तिनं बशिवलंय," ते म्हणाले. "ताट फिरवलं तसं."

मला समजायला थोडा वेळ लागला. होडी निघाली. मावशी मागच्या टोकाला, नजर खिंडीत. तिच्यासमोर, तिच्याकडे तोंड करून आबा. होडीची डावी बाजू आता त्यांच्या उजवीकडे होती. अर्ध्या पाण्यात मी जांभळाकडे बघत होतो. पेपर मांडीवर घडी करून ठेवला होता. त्या झाडाला मी वर्षानुवर्षं ओलांडलं होतं आणि त्याची साल कशी आहे ते मला सांगता आलं नसतं. भेगाळलेली होती. भेगांत शेवाळ होतं. पाणी जिथवर चढतं तिथं एक पांढरी रेघ होती, आणि तिच्याखाली कितीतरी, एकाखाली एक, जुन्या रेघा.

"येतंय," आबा म्हणाले. "येतंय. जरा उजवं घे. आलं. कानाला लागलं. आता सोडू नगंस."

मावशीनं मान वळवली नाही. "हाय?" तिनं विचारलं.

"हाय," ते म्हणाले. "पानकावळा बी हाय."

होडी गाडीवाटेवरून सरळ गेली. कुठं काही घासलं नाही. मग आबांनी विचारलं, "गुरुजी आज आले न्हाईत का?"

मी त्यांच्या डाव्या हाताला, हातभर अंतरावर बसलो होतो. मी उठलो, फळी ओलांडली आणि जांभळाच्या बाजूला जाऊन बसलो.

"हां," ते म्हणाले. "आता हाय तुमी."